सातवं दर्शन: पाणलोट

(सांगलीत झालेल्या व्याख्यानाचं संपादित शब्दांकन)

मंडळी, आधी एक खुलासा. पत्रिकेत 'पाणलोट दर्शन' असं छापलेलं वाचून दोघा-तिघांनी विचारलं, हे कुठल्या ऋषींचं? कुठल्याच नाही. सांख्य, योग, न्याय, वैशेषिक, मीमांसा, वेदान्त ही तत्त्वज्ञानाची सहा दर्शनं झाली. सातवं मी तयार केलंय. सूत्रं माझी, भाष्य माझं आणि पूर्वपक्षही, म्हणजे विरोधकही, मीच, त्यामुळे वादात हरायची भीती नाही. दर्शन काढायला अधिकार लागतो म्हणाल, तर नदीकाठच्या गल्लीत घर आहे. आणखी काय पाहिजे?

पाण्यावर बोललेले थोर लोक पुष्कळ आहेत. मिलेटसचा ग्रीक तत्त्वज्ञ थेलिस म्हणाला, सगळ्याच्या मुळाशी पाणी. हाच गृहस्थ आकाशातले तारे बघत चालताना विहिरीत पडला, अशी गोष्ट प्लेटोनं सांगितली आहे. म्हणजे पाण्याचं तत्त्वज्ञान अंगाशी येऊ शकतं, हे तेव्हापासूनचं आहे. पुढे हेराक्लिटस. एकाच नदीत दोनदा पाऊल टाकता येत नाही, हे त्याच्या नावावर चालतं. असेल. पण त्याला आपल्या कृष्णेवरच्या आयर्विन पुलावर आणून उभा केला असता तर आपण सांगितलं असतं, की बाबा रे, एकाच नदीनं एकाच घरात 2005 ला पाऊल टाकलं, 2019 ला टाकलं आणि 2021 लाही टाकलं. (हशा) हसताय ते सगळे नदीकाठच्या गावभागातले दिसतात. उंचावरचे विश्रामबागवाले गप्प आहेत.

या मंडळींची अडचण अशी, की त्यांनी पाणी काठावरून बघितलं. पाणी समोरून जातंय, आपण कोरडे. त्यातून मग 'सगळं वाहतं', 'काही टिकत नाही' असली वाक्यं सुचतात. पाणी घरात आलं की पहिला प्रश्न वेगळा असतो: आलं कुठून?

इथं मला 2019 चं सांगायलाच हवं. अध्यक्ष घड्याळ बघतायत, बघू देत. सांगलीत ऑगस्टमध्ये कुणी कुणाला 'बरं आहे ना' विचारत नाही, 'आयर्विनला किती झालं' विचारतो. 40 फुटांना इशारा, 45 फुटांना धोका, हे पोरांना पाढ्यांच्या आधी पाठ. त्या वर्षी आकडा 57 च्या वर गेला. आम्ही सगळे पुढच्या दारात उभे. उंबऱ्याला मातीची पोती लावलेली, त्यावर प्लास्टिक. शेजारचे अण्णा बॅटरी घेऊन गल्लीच्या तोंडाशी पहारा देतायत. आणि मागून आमच्या हिची हाक, "अहो, मोरी बोलतीय!" जाऊन बघतो तर जाळीतून बुडबुडे. मग काळं पाणी, एकेक बोट वर. मी जाळीवर पाट ठेवला, पाटावर पाटा, पाट्यावर वरवंटा. पाणी पाटाच्या कडेनं शांतपणे बाहेर आलं. पुढची पोती आधी आतल्या बाजूनं भिजली, बाहेरून नंतर.

पूर ओसरल्यावर पंचनाम्याला एक तरुण आला. मुलगा भला होता, चहासुद्धा घेतला नाही. विचारलं, "काका, पाणी कधी शिरलं?" म्हटलं, कुठलं? मोरीतलं रात्रीच, दारातलं सकाळी. तो म्हणाला, "मोरीचं धरत नाही. ते गटारीचं." मी म्हटलं, अरे, नदी भरली म्हणून गटार उलटली ना? "पण पाणी गटारीचं." मग सकाळी दारातनं आलेलं? "ते नदीचं." आणि दोन्ही घरात एकत्र झाल्यावर? त्यानं पेन थांबवलं. मला वाटलं, आता हा तर्काच्या न्यायदर्शनात शिरतोय. पण नाही. त्यानं भिंतीवरची रेघ टेपनं मोजली, पाणी 'दर्शनी बाजूने' असं लिहिलं आणि सही मागितली. मी केली. पैसे पाहिजे होते.

ही चिठ्ठी आली. दहा मिनिटं. म्हणजे दर्शन दहा मिनिटांत उरकायचं. ब्रह्मसूत्रं रचणाऱ्या बादरायणाला असला अध्यक्ष मिळाला नव्हता.

पहिलं सूत्र, फुगवट्याचं. कार्य कारणात आधीपासून असतं, असं सांख्य म्हणतात. नसतं, असं नैयायिक, म्हणजे न्यायदर्शनवाले, म्हणतात. भांडण जुनं. पण कारण आधी आणि कार्य मागाहून, यावर दोघांचं एकमत. आपला अनुभव बघा. कृष्णा भरली की हरिपूरला वारणेला आत शिरायला जागा मिळत नाही, ती मागं फुगते. खाली नरसोबाच्या वाडीला पंचगंगा तुडुंब असेल तर कृष्णाही दम धरते. म्हणजे माझ्या घरातल्या पाण्याचं कारण वरच्या अंगाला पडलेला पाऊस तर आहेच, पण खाली न हललेलं पाणीही आहे. जे घडलं नाही, तेही कारण. नैयायिकांना अभाव, म्हणजे नसणं, हीसुद्धा एक खरी गोष्ट ('पदार्थ') म्हणून मान्य आहे, तेव्हा त्यांची फार हरकत येणार नाही.

दुसरं सूत्र स्वभावाचं. वैशेषिक दर्शनाचे कणाद म्हणतात, 'द्रवत्वात् स्यन्दनम्'. पाणी पातळ आहे म्हणून वाहतं. वाहतं म्हणजे खाली. ठीक. पण आपल्याच जिल्ह्यात उपसा योजनांमुळे टेंभूचं पाणी आटपाडीला चढतं, म्हैसाळचं जतकडे चढतं. तिकडे कोयनेचं पाणी बोगद्यातून पश्चिमेला वळवून वीज करतात आणि ते वाशिष्ठीतून अरबी समुद्राला मिळतं. कृष्णेत राहिलेल्या त्याच्या बहिणी बंगालच्या उपसागराला. स्वभाव ही ठरलेली गोष्ट नाही, तो पंपावर अवलंबून आहे. वीजबिल थकलं की मात्र पाण्याला कणाद आठवतात.

तिसरं, आणि माझ्या मते खरं महत्त्वाचं, यालाच वेळ उरला नाही. तर्कसंग्रह या न्याय-वैशेषिकाच्या छोट्या ग्रंथात अन्नंभट्ट पाण्याचा एक खास गुण देतात: स्नेह. पिठाचा गोळा ज्यामुळे बांधला जातो तो. भाकरीचं पीठ मळणाऱ्या कुणालाही हे सांगावं लागत नाही. वाहण्याबद्दल सगळे बोलले, बांधण्याबद्दल फारसं कुणी बोललं नाही. बोलले ते आटपाडीच्या पाणी परिषदेत, स्वातंत्र्यसैनिक नागनाथअण्णा नायकवडींच्या बरोबरीनं जमलेले दुष्काळी तालुक्यांतले लोक. त्यांचं म्हणणं होतं, पाणी जमिनीच्या हिशेबानं नको, माणसाच्या हिशेबानं द्या. ज्याला गुंठाभर रान नाही त्यालाही वाटा. माझ्या मते हा नीतिशास्त्राचा अख्खा अध्याय आहे. पाण्याच्या वाट्यातून कोण कुणाचा हे ठरतं. एकाच जिल्ह्यात पश्चिमेला आपण पाणी उपसून बाहेर टाकतो आणि पूर्वेला टँकरची वाट बघतात. या दोघांना एका दर्शनात बसवता आलं नाही, तर...

बरं, बरं, थांबतो. चौथं सूत्र गाळाचं होतं, ते पुढच्या वर्षी बोलावलंत तर. प्रश्न विचारा, पण कृपा करून कर्नाटकातल्या अलमट्टी धरणावर नको. हॉल नऊला रिकामा करायचाय.