सकाळी सातची ॲन

(दृश्य : कॅम्डन लॉक, लंडन. कालव्याचं संथ पाणी. कॅमेरा हळूहळू वर, छपराकडे.)

लंडनच्या कॅम्डन भागात, रीजंट्स कालव्याच्या काठावर एक इमारत आहे. तिच्या छपराच्या कडेने मोठाले कप ओळीत बसवले होते. चहाचे नव्हेत. उकडलेलं अंडं उभं ठेवून चमच्याने खायचे, ते. मूळचं हे मोटारींचं गॅरेज. वास्तुविशारद टेरी फॅरेल यांनी १९८०च्या दशकाच्या सुरुवातीला त्याचा स्टुडिओ केला आणि न्याहारीची भांडी थेट छपरावर चढवली. आत काय शिजतंय, हे रस्त्यावरून जाणाऱ्यालाही कळायला हवं ना!

आत शिजत होती ब्रिटनची सकाळ. आपल्या गोष्टीतली निवेदिका, ॲन डायमंड, इथल्याच सोफ्यावर बसणार होती.

आज हे सांगूनही पटत नाही, पण १९८३ उजाडेपर्यंत ब्रिटनमध्ये सकाळी टीव्ही लावायची पद्धतच नव्हती. सकाळ रेडिओची. दिवसाढवळ्या टीव्हीसमोर बसणं हेच जरा आळशीपणाचं लक्षण, मग न्याहारीच्या वेळी तर बोलायलाच नको. तो दंडक १७ जानेवारी १९८३ रोजी बीबीसीने मोडला. 'ब्रेकफास्ट टाइम' सुरू झाला. लाल सोफा, स्वेटर घातलेला फ्रँक बॉफ, शेजारी सेलिना स्कॉट, मध्येच राशिभविष्य, मध्येच व्यायाम. ज्या बीबीसीला लोक 'आत्याबाई' म्हणतात, तिने असा घरगुती थाट मांडावा, याचं सगळ्यांनाच नवल वाटलं.

(दृश्य : टीव्ही-एएमचं जुनं बोधचिन्ह. वृत्तपत्रांचे मथळे.)

दोनच आठवड्यांनी, १ फेब्रुवारीला, अंड्यांच्या कपांच्या इमारतीतून टीव्ही-एएम सुरू झालं. आयटीव्ही या जाहिरातींवर चालणाऱ्या वाहिनीवर पहाटे सहापासून सव्वानऊच्या पुढेपर्यंतचा वेळ या खासगी कंपनीचा. पडद्यावर एकाहून एक नावं : डेव्हिड फ्रॉस्ट, मायकेल पार्किन्सन, अँजेला रिपन, ॲना फोर्ड, रॉबर्ट की. कंपनीचे प्रमुख पीटर जे, अमेरिकेत ब्रिटनचे राजदूत राहिलेले. जगात काय चाललंय ते लोकांना नीट 'समजावून सांगायचं', हे त्यांचं ब्रीद.

लोकांना सकाळी सात वाजता काही समजावून घ्यायचं नव्हतं. त्यांचा एक डोळा पडद्याच्या कोपऱ्यातल्या घड्याळावर होता आणि एक हात पोरांच्या डब्यात. टीव्ही-एएमचा प्रेक्षक भराभरा गळाला, जाहिराती आटल्या. दोन महिन्यांच्या आत पीटर जे गेले. मग रिपन आणि फोर्ड यांनाही काढलं. पुढे एका पार्टीत ॲना फोर्ड यांनी कंपनीचे तेव्हाचे प्रमुख जोनाथन एटकिन यांच्या तोंडावर वाइनचा ग्लास रिकामा केला. ब्रिटिश सभ्यतेच्या गप्पा निघाल्या की मला हा ग्लास आठवतो.

कंपनी सावरायला ग्रेग डाइक आले. त्या सुमारास दोन गोष्टी झाल्या. एक म्हणजे, डाइक यायच्या थोडं आधीच, रोलंड रॅट नावाचा बाहुला-उंदीर सुट्टीतल्या मुलांसमोर आणला गेला आणि आकडे चढायला लागले. त्यामागे होत्या मुलांच्या कार्यक्रमांच्या प्रमुख ॲन वूड, पुढे ज्यांनी टेलिटबीज जन्माला घातले त्याच. बुडत्या जहाजावर चढलेला हा पहिलाच उंदीर, अशी थट्टा तेव्हा फार चालली.

दुसरी गोष्ट म्हणजे आपली ॲन.

(दृश्य : ॲन डायमंडचं १९८३चं छायाचित्र. सोफा. शेजारी निक ओवेन.)

ॲन डायमंड. जन्म ८ सप्टेंबर १९५४, बर्मिंगहॅम. मी तिला 'ती'च म्हणणार आहे, कारण ब्रिटनमधल्या लाखो घरांत ती आडनावाशिवाय, नुसती ॲन म्हणून वावरत होती. पत्रकारितेची सुरुवात सॉमरसेटमधल्या ब्रिजवॉटर मर्क्युरी या छोट्या वृत्तपत्रात. मग बोर्नमथचं सायंदैनिक. तिथून बर्मिंगहॅममध्ये प्रादेशिक टीव्हीवरच्या बातम्या, आणि पुढे बीबीसीचा चालू घडामोडींचा कार्यक्रम 'नेशनवाइड'. म्हणजे पायरीपायरीने वर आलेली बातमीदार. बर्मिंगहॅमला तिच्या शेजारी बसून बातम्या देणारा निक ओवेन आता टीव्ही-एएममध्ये होता. मोठी नावं गेल्यावर मुख्य सोफा त्याच्याकडे आला आणि जून १९८३मध्ये ॲन त्याच्या जोडीला आली.

तेव्हा ती अठ्ठावीस वर्षांची होती. या जोडीत भारदस्त असं काही नव्हतं. दोघं चुकायचे, चूक झाली की हसायचे. पाहुणा सोफ्यावर टेकला की वाटायचं, शेजारच्यांकडे कुणी आलंय आणि आपण दारातून डोकावतोय. फ्रॉस्टसारखी मुलाखत ॲन घेत नव्हती. घरातली बाई पाहुण्याला जे विचारेल ते ती विचारायची. समीक्षकांनी तिला गोड-गोड म्हणून मोडीत काढलं. आता जुने भाग पाहताना मला वाटतं, त्या गोडव्यामागे बातमीदाराचं कसब होतं : प्रश्न छोटा ठेवायचा आणि मग गप्प बसायचं.

तरी सोफ्याची मर्यादा एकदा चांगलीच उघडी पडली. १२ ऑक्टोबर १९८४च्या पहाटे ब्रायटनमध्ये, पंतप्रधान मार्गारेट थॅचर उतरल्या होत्या त्याच हॉटेलात बॉम्ब फुटला. बीबीसी ढिगाऱ्याची थेट चित्रं दाखवत होती आणि टीव्ही-एएमकडे होता फोनवरून येणारा वार्ताहराचा आवाज. खर्चात काटछाट केली होती, तिची किंमत त्या सकाळी सगळ्यांसमोर चुकवावी लागली.

पण बाकीच्या दिवसांचं काय? बाकीचे दिवस ॲनचेच होते. ऑस्ट्रेलियाहून आलेले नवे प्रमुख ब्रूस गिन्जल यांचा ठाम विश्वास की सकाळी माणसाला उजेड हवा, रंग हवा, गुलाबी शर्ट हवा. टीव्ही-एएम नफ्यात आलं, बीबीसीच्याही पुढे गेलं. १९८७मध्ये ॲनच्या पहिल्या बाळाची चाहूल लागली, ती सोफ्यावर सगळ्यांसमोर. लग्न झालेलं नव्हतं. छापील वृत्तपत्रांना नीतिमत्तेचा पुळका आला. मात्र तिचं वाढतं पोट पाहणाऱ्यांत बहुसंख्य बाया होत्या, आणि त्यातल्या कितीतरी जणींच्या मांडीवर पोर होतं. ही ओळख कशी आणि कुठे उपयोगी पडणार आहे, हे तेव्हा कुणाच्या स्वप्नातही नव्हतं.

(दृश्य : रिकामी खोली. खिडकीतून येणारं सकाळचं ऊन. संगीत नाही.)

१२ जुलै १९९१. ॲनचा तिसरा मुलगा सेबॅस्टियन चार महिन्यांचा होता. सकाळी तो त्याच्या छोट्या कठड्याच्या खाटेत मृतावस्थेत सापडला. आजार नाही, ताप नाही, अपघात नाही. इंग्रजीत याला नाव आहे कॉट डेथ. नाव आहे, कारण नाही.

तासाभरात दाराबाहेर छायाचित्रकार उभे राहिले. अंत्यविधीला माध्यमांनी येऊ नये अशी कुटुंबाची विनंती होती. तरीही एका टॅब्लॉइडने छोटी शवपेटी घेऊन चाललेल्या आईबापांचा फोटो पहिल्या पानावर छापला. वीस वर्षांनी, नोव्हेंबर २०११मध्ये, वृत्तपत्रांच्या वर्तनाची चौकशी करणाऱ्या लेव्हसन आयोगासमोर ॲनने हे सगळं साक्षीत सांगितलं.

आता थोडं थांबून बाळ कसं झोपतं ते पाहू, कारण पुढची सगळी गोष्ट त्यावर उभी आहे.

१९७०-८०च्या दशकांत पाश्चात्त्य देशांत बाळाला पालथं, पोटावर निजवायचा सल्ला सर्रास दिला जाई. उताणं बाळ ओकलं तर घुसमटेल, ही भीती. शिवाय अपुऱ्या दिवसांच्या बाळांना अतिदक्षता विभागात पालथं ठेवलं की श्वास बरा चालतो, असं डॉक्टरांनी पाहिलं होतं. तिथे बाळावर यंत्रांची आणि नर्सची नजर असते. तोच सल्ला नजर नसलेल्या घरांत, धडधाकट बाळांपर्यंत पोचला. १९८०च्या दशकाच्या अखेरीस ब्रिटनमध्ये वर्षाला दीड-दोन हजार बाळं अशी झोपेत जात होती.

(एक आगाऊ टिप्पणी. आपल्याकडे आजी बाळाला उताणं निजवते, डोक्याखाली मोहरीची उशी देते, डोकं गोल व्हावं म्हणून. कारण वेगळंच, पण बाळ उताणं. ब्रिटनमध्ये राहणाऱ्या भारतीय उपखंडातल्या कुटुंबांत कॉट डेथचं प्रमाण गोऱ्या कुटुंबांपेक्षा कमी आहे, हे तिथल्या संशोधकांच्याही लक्षात आलं होतं. आईजवळ झोपलेलं बाळ, आईला सिगारेटची सवय नाही, अशी आणखीही कारणं त्यात असावीत. मोहरीच्या उशीला श्रेय द्यायची घाई नको. आज डॉक्टर तान्ह्या बाळाला कुठलीच उशी नको म्हणतात.)

(दृश्य : न्यूझीलंडचा किनारा. मग ब्रिस्टलचे रस्ते.)

ॲनने बातमीदारी केली. दुःखात दुसरं काही सुचत नव्हतं म्हणा, किंवा हेच येत होतं म्हणा. शोधता शोधता ती न्यूझीलंडला पोचली. तिथे कॉट डेथचं प्रमाण भयंकर होतं. संशोधकांनी शेकडो घरांत जाऊन चौकशी केली आणि तीन-चार गोष्टी पुन्हापुन्हा समोर आल्या : पालथी झोप, घरातली सिगारेट, अंगावरचं दूध न मिळणं. पालथं निजवू नका, असं लोकांना सांगायला त्यांनी सुरुवातही केली होती आणि आकडे उतरत होते. इकडे खुद्द इंग्लंडमध्ये, ब्रिस्टलच्या आसपास, डॉ. पीटर फ्लेमिंग यांच्या गटाने हेच दाखवून दिलं होतं. त्यांचा अभ्यास १९९०मध्ये छापूनही आला होता. म्हणजे उत्तर लंडनपासून रेल्वेने दोन तासांवर, वैद्यकीय नियतकालिकाच्या पानांत पडून होतं.

इथे मला राग येतो. ॲनलाही आला.

ती आरोग्य खात्याकडे गेली. खात्याच्या मनात होतं माहितीपत्रक. छापायचं, दवाखान्यांत ठेवायचं. ॲनचं म्हणणं सरळ होतं : रात्री तीनदा उठलेली आई पत्रक वाचत नाही. ती टीव्ही पाहते. जाहिरात टीव्हीवरच हवी. दवाखान्यातल्या टेबलावर चहाच्या कपाखाली जाणारं पत्रक आणि पडद्यावरचा ओळखीचा चेहरा यांतला फरक तिला कुणी शिकवायची गरज नव्हती. कितीतरी वर्षं ती तेच जगली होती.

डिसेंबर १९९१मध्ये, सेबॅस्टियन गेल्यावर जेमतेम पाच महिन्यांत, सरकारी मोहीम सुरू झाली. टीव्हीवरच्या जाहिरातीत ॲन स्वतः होती. बाळाला पाठीवर झोपवा. फार गुंडाळू नका. बाळाजवळ सिगारेट ओढू नका. बरं वाटत नसेल तर डॉक्टरांना गाठा. एवढंच. पांढरा कोट नाही, आकडेमोड नाही. ज्या बाईचं गरोदरपण प्रेक्षकांनी सोफ्यावर पाहिलं होतं, जिचं बाळ गेल्याचं त्यांनी वृत्तपत्रात वाचलं होतं, ती सांगत होती.

१९९२च्या अखेरीस इंग्लंड आणि वेल्समधले कॉट डेथ आदल्या वर्षाच्या निम्म्यावर आले होते. न्याय म्हणून सांगायला हवं की उतरण त्याआधीच लागली होती. ब्रिस्टलचा अभ्यास, स्थानिक परिचारिका, पालकांच्या संस्था, सगळ्यांचा त्यात हात. पण इतका तीव्र उतार सार्वजनिक आरोग्याच्या मोहिमांत क्वचितच दिसतो. कॉट डेथवर काम करणाऱ्या ललबाय ट्रस्टच्या अंदाजाने या मोहिमेमुळे आजवर सुमारे ३०,००० बाळं वाचली. बालरोगतज्ज्ञांच्या रॉयल कॉलेजने ॲनला पदक दिलं. ती डॉक्टर नव्हती, हे इथे सांगायला हवं.

(दृश्य : बर्मिंगहॅम, पेबल मिलचे स्टुडिओ.)

पुढची कारकीर्द भरभर सांगतो, कारण ती तशीच गेली. १९९२च्या अखेरीस टीव्ही-एएम बंद पडलं. परवान्याच्या लिलावात दुसऱ्या कंपनीने जास्त बोली लावली होती. लिलावाचा कायदा ज्यांच्या सरकारने आणला, त्या थॅचरबाईंनी गिन्जल यांना खेदाचं पत्र लिहिलं. ॲन आणि निक पुन्हा जोडीने बीबीसीवर आले, बर्मिंगहॅमहून, सकाळच्याच एका कार्यक्रमात. तो १९९६पर्यंत चालला. मग घटस्फोट, सेलिब्रिटींना घरात कोंडणारा रिॲलिटी शो, वजन कमी करण्याचा रिॲलिटी शो आणि त्यावरून झालेली चेष्टा. ज्या वृत्तपत्रांनी तिला डोक्यावर घेतलं, त्यांनीच तिच्या कमरेचं माप काढलं. मला त्यात रस नाही.

२०२३च्या नववर्ष सन्मानांत ॲनला ओबीई जाहीर झाला, सार्वजनिक आरोग्य आणि सेवाकार्यासाठी. हा सन्मान मिळणार असल्याचं ज्या दिवशी तिला कळलं, त्याच दिवशी डॉक्टरांनी स्तनांच्या कर्करोगाचं निदानही सांगितलं. शस्त्रक्रिया, रेडिएशन, काही महिने पडद्याआड.

(दृश्य : स्टुडिओतले दिवे एकेक करून लागतात.)

जून २०२३मध्ये ती परतली. आपल्याला काय झालं होतं, ते प्रेक्षकांना सांगितलं आणि आपल्या जुन्या वेळेला जाऊन बसली. जीबी न्यूज या वृत्तवाहिनीवर, शनिवार-रविवारच्या सकाळच्या कार्यक्रमात. वय अडुसष्ट. टीव्ही-एएमच्या सोफ्यावर पहिल्यांदा टेकली, त्याला त्या महिन्यात चाळीस वर्षं झाली होती.