तंजावरचे मोडी रुमाल

ही ताडपत्राची पट्टी. हिच्यावर शाईनं लिहिलेलं नाही, लोखंडी लेखणीनं कोरलंय. कोरताना अक्षर धड दिसतही नाही. मग वरून काजळी चोळायची आणि पान पुसून घ्यायचं. काजळी खाचांत बसते. बघा, ओळ उठून आली.

आपण तंजावरच्या राजवाड्यात आहोत, सरस्वती महाल ग्रंथालयात. संग्रहाची सुरुवात नायक राजांची. सतराव्या शतकात शिवछत्रपतींचे सावत्र भाऊ व्यंकोजीराजे इथे गादीवर आले आणि तमिळ, तेलुगू, संस्कृतच्या पंगतीला मराठी येऊन बसली. संग्रह खरा वाढवला तो सरफोजीराजांनी, १७९८ ते १८३२ या कारकिर्दीत. काशीयात्रेला गेले तरी पोथ्या मिळवणं, नकला करून घेणं सुरूच. या इंग्रजी पुस्तकावरची सही त्यांचीच. आणि हे रंगवलेले डोळे त्यांच्या काळात तपासलेल्या नेत्ररुग्णांचे आहेत. डोळ्याचा आजार जसा दिसला तसा चितारून ठेवलाय.

कपाटातली ही पुरचुंडी बघा. वेखंड, काळं जिरं, लवंग, मिरी, दालचिनी, कापूर. सगळं कुटून कापडात बांधायचं. या वासानं कसर लांब राहते. वास उडाला की पुरचुंडी बदलायची. एवढं करूनही काही शतकांत ताडपत्र ठिसूळ होतंच, म्हणून वेळेत नक्कल उतरवावी लागते. ग्रंथालयांना लागलेल्या आगी लोकांच्या लक्षात राहतात. नक्कल न झाल्यानं संपलेल्या पोथ्यांची नोंदही कुठे नसते.

१८५५ मध्ये सरफोजीराजांचे पुत्र, तंजावरचे शेवटचे राजे वारले, मागे मुलगा नव्हता. कंपनीनं राज्य घेतलं. १९१८ साली ग्रंथालय सर्वांना खुलं झालं.

आणि हे मोडी कागदांचे रुमाल, म्हणजे कापडात बांधलेले गठ्ठे. आधी पानभर रेघा ओढायच्या, मग बोरू शक्यतो न उचलता रेघेखाली अक्षरं सोडत जायची. शब्द कुठे संपला ते वाचणाऱ्यानं ओळखायचं. यात दरबाराचा खर्च आहे, पगार आहेत, देवस्थानांची देणी आहेत. तमिळ मुलखातल्या मराठी राज्याचा रोजचा व्यवहार यापेक्षा जवळून कुठे कळणार? कागद टिकलाय, शाई टिकलीय, वाचणारे मात्र मोजके उरलेत. मराठी येणाऱ्याला मोडीची अक्षरं शिकायला फार वेळ लागत नाही. पण हात बसतो तो असेच जुने कागद वाचून. महाराष्ट्रात मोडीचे वर्ग चालतात. या पानांच्या प्रती तिथल्या विद्यार्थ्यांच्या हातात पडायला हव्यात.