हे तर मूळचं आमचंच!

(व्याख्यानाचं शब्दांकन, थोडी काटछाट करून)

मंडळी, आज बोलायचंय ते यहुदी आणि मुसलमान यांनी एकमेकांच्या धर्मातून काय काय घेतलं त्याबद्दल. प्रस्तावना बाजूला ठेवतो आणि थेट कैरोला जातो. साल साधारण १२०५ च्या पुढचं, इजिप्तवर सुलतान अल-आदिलचं राज्य, म्हणजे आपल्याला माहीत असलेल्या सलाउद्दीनचा भाऊ. त्याच्या दरबारात एक तक्रार गेली. तक्रार करणारे यहुदी, आणि ज्याच्याविरुद्ध तक्रार तोही यहुदीच, आणि साधासुधा कोणी नाही, इजिप्तमधल्या समस्त यहुद्यांचा प्रमुख! तक्रार काय, तर हा गृहस्थ प्रार्थनेत मुसलमानांच्या पद्धती घुसवतोय. आधी पाय धुवा, सरळ ओळीत बसा, गुडघे टेका, कपाळ जमिनीला लावा... आमच्या धर्मात नसलेली खुळं काढतोय, याला आवरा.

आता बघा हं. यहुदी लोक मुसलमान सुलतानाकडे जाऊन सांगतायत की आमचा पुढारी फारच मुसलमानांसारखा वागायला लागलाय. वर धर्मात नवं काही आणणं हाच मुळात गुन्हा, ही भाषासुद्धा इस्लामी शास्त्रातली, बिदअत म्हणतात त्याला. म्हणजे कॉपी केल्याची तक्रार, तीही कॉपी केलेल्या भाषेत.

या माणसाचं नाव अब्राहम, मैमोनिडिसचा मुलगा. मैमोनिडिस म्हणजे यहुदी धर्मशास्त्रातला फार मोठा माणूस. या बापलेकांकडे आपण परत येऊच, पण त्याआधी साडेपाचशे-सहाशे वर्षं मागे मदिनेला जायला लागेल, नाहीतर अब्राहमचा युक्तिवाद कळणार नाही.

मक्केहून पैगंबर मदिनेला आले ६२२ साली. मदिनेत तेव्हा यहुद्यांच्या चांगल्या मोठ्या वस्त्या होत्या. हदीसमध्ये, म्हणजे पैगंबरांच्या आठवणींत, येतं की तिथले यहुदी आशुराच्या, म्हणजे मोहरमच्या दहाव्या, दिवशी उपास करतात हे पैगंबरांनी पाहिलं, विचारलं की हा उपास कशाचा, तर ते म्हणाले की या दिवशी देवाने मूसाला, म्हणजे मोझेसला, इजिप्तचा राजा फेरोच्या तावडीतून सोडवलं. त्यावर पैगंबरांचं उत्तर असं की मूसावर तुमच्यापेक्षा आमचा हक्क जास्त, आणि मग स्वतः उपास केला, लोकांनाही करायला सांगितला. पुढे रमजानचे रोजे फर्ज झाले, आशुरा ऐच्छिक राहिला, आणि मग असंही आलं की नवव्या दिवशीचा पण उपास धरावा, म्हणजे यहुद्यांपेक्षा वेगळं दिसेल. नमाजाच्या दिशेचं तेच. मदिनेत आल्यावर सोळा-सतरा महिने तोंड जेरुसलेमकडे होतं, ६२४ मध्ये ते मक्केकडे वळलं.

मला विचाराल तर सगळा मामला या दोन उदाहरणांत आहे. घ्यायचं, पण दुसऱ्याचं म्हणून घ्यायचं नाही, हे आमचंच आहे म्हणून घ्यायचं आणि मग थोडं वेगळं करायचं. उधारी म्हणून कोणीच वहीत लिहीत नाही! आपण आज बसून हिशोब मांडतो की अमुक कल्पना यांची, त्यांनी ढापली, पण त्या लोकांच्या डोक्यात असला हिशोबच नव्हता.

कथा बघा म्हणजे पटेल. इब्राहिम म्हणजे बायबलमधला अब्राहम (आपला कैरोचा नव्हे) लहानपणी मूर्ती फोडतो, सगळ्यात मोठी तेवढी शाबूत ठेवतो, आणि लोक विचारायला आले की त्या मोठ्या मूर्तीकडे बोट दाखवतो, तिलाच विचारा म्हणतो. कुराणात एकविसाव्या सूरेत, म्हणजे अध्यायात, आहे ही गोष्ट. बायबलमध्ये शोधायला जाल तर सापडणार नाही, तिथे ती नाहीच. सापडते रब्बींच्या, म्हणजे यहुदी धर्मपंडितांच्या, मिद्राशमध्ये, बायबलवरच्या टीका-कथांमध्ये, बेरेशीत रब्बा नावाच्या ग्रंथात, जो इस्लामच्या आधीचा आहे. तिथे बापाचं मूर्तीचं दुकान आहे, पोराला गल्ल्यावर बसवून बाप बाहेर जातो, आणि पोरगा मूर्ती फोडून काठी मोठ्या मूर्तीच्या हातात देऊन ठेवतो, वर बापाला सांगतो की यांचं आपापसात भांडण झालं. तसंच ते प्रसिद्ध वाक्य, एका जिवाला मारलं तर सगळ्या मानवजातीला मारल्यासारखं. कुराणाच्या पाचव्या सूरेत येतं, आणि तिथेच म्हटलंय की हे आम्ही इस्राईलच्या लेकरांना सांगितलं होतं. मिश्नामध्ये हाच विचार आहे, यहुदी कायद्याचा साधारण इ.स. २०० चा ग्रंथ, फाशीच्या खटल्यात साक्षीदाराला जी तंबी द्यायची त्यात. आणि दोन्हीकडे तो आदमच्या मुलांच्या गोष्टीला, काबीलने केलेल्या भावाच्या, हाबीलच्या, खुनाला जोडूनच येतो.

इथपर्यंत बाण एकाच दिशेने जातोय असं वाटतं, यहुद्यांकडून मुसलमानांकडे. बरेच जण इथेच थांबतात आणि निकाल लावून मोकळे होतात.

आता उलटा बाण. मुसलमानांत एक गोष्ट आहे, बुखारींच्या हदीस-संग्रहात पण आहे. इब्राहिम मुलाला, इस्माईलला भेटायला वाळवंटात जातात. मुलगा घरी नाही. सून कुरकुरी, घरात कसलं सुख नाही म्हणून रडगाणं गाते. म्हातारा निरोप ठेवून जातो, नवऱ्याला सांग दाराचा उंबरठा बदल. मुलगा येतो, काय ते समजतो, बायकोला सोडतो, दुसरी करतो, पुढच्या वेळी दुसरी सून नीट बोलते, मग निरोप येतो की उंबरठा छान आहे, राहू दे. हीच गोष्ट पिर्के दे-रब्बी एलिएझर नावाच्या यहुदी ग्रंथात आहे, उंबरठ्यासकट, साधारण आठव्या शतकातला ग्रंथ. त्यात त्या दोन सुनांची नावं काय आहेत माहितीय? पहिली आयशा, दुसरी फातिमा! पैगंबरांच्या पत्नीचं आणि मुलीचं नाव. आता सांगा, ही यहुदी कथा की मुसलमान कथा? बायबलमधलं पात्र मुसलमानांकडे जाऊन, तिथे संसार थाटून, नवी बायको घेऊन परत माहेरी आलं.

पुढचा काळ भराभर घेतो. अब्बासी खिलाफतीत बगदाद केंद्र झालं, यहुद्यांची मोठी विद्यापीठं त्याच इराकात, आणि दोन-तीनशे वर्षांत इस्लामी मुलखातल्या यहुद्यांची रोजची भाषा अरबी होऊन गेली. सादिया गाओन, जन्म इजिप्तमधल्या फय्यूमचा, ९२८ साली इराकातल्या सूरा गावच्या विद्यापीठाचा प्रमुख झाला, त्याने बायबल अरबीत आणलं आणि यहुदी श्रद्धेची तर्कशुद्ध मांडणी करणारा ग्रंथ लिहिला तोही अरबीत, मुसलमान कलाम पंडितांच्या, म्हणजे धर्म तर्काने मांडणाऱ्यांच्या, धाटणीवर. अरबी लिहायची पण लिपी हिब्रू, असा तो प्रकार. हिब्रू व्याकरण हे शास्त्र म्हणून उभं राहिलं तेच अरबी व्याकरणाकडे बघून. मुफ्तीला प्रश्न पाठवायचा आणि फतवा यायचा, तसाच रब्बीला प्रश्न पाठवायचा आणि लेखी उत्तर यायचं. दोन्हीकडे मधे पुरोहित नाही, कायदा जाणणारा पंडित आहे, त्यामुळे एकमेकांचं एकमेकांना समजायला वेळ लागायचा नाही. खाण्याचं पण तसंच, डुक्कर दोघांना वर्ज्य, रक्त दोघांना वर्ज्य, पण उंट मुसलमानाला चालतो, यहुद्याला नाही, आणि कोळंबी तर यहुद्याला अजिबातच नाही.

सगळं काही गोडीगुलाबीचं होतं असं मात्र समजू नका, मला तो सुवर्णयुगवाला सूर आवडत नाही. १०६६ मध्ये ग्रॅनडात यहुद्यांची कत्तल झाली. मैमोनिडिसचा जन्म कोर्दोबाचा, ११३८ चा. तो दहा वर्षांचा असताना अल्मोहद ही कट्टर मुसलमान राजवट आली, धर्म बदला नाहीतर चालते व्हा, आणि हे कुटुंब भटकत भटकत फेज, मग इजिप्त असं गेलं. ११७२ च्या सुमाराला येमेनच्या यहुद्यांना धीर देणारं पत्र त्याने लिहिलं, तिथेही तेव्हा जबरदस्तीची धर्मांतरं चालू होती, आणि त्या पत्रात त्याने मुसलमान राजवटीबद्दल फार कडू लिहिलंय. आणि तरीही हाच माणूस निवाडा देतो की मुसलमान मूर्तिपूजक नाहीत, त्यांचं एकेश्वरवादाचं म्हणणं निखळ आहे. हाच माणूस तत्त्वज्ञान शिकायचं तर मुसलमान तत्त्वज्ञ अल-फाराबी वाचा म्हणून शिफारस करतो. राग राजवटीवर, आदर विचाराला. आजच्या काळात हे दोन्ही एका डोक्यात बसवायला लोकांना जड जातं.

त्याचा एक निर्णय सांगतो, मला फार आवडतो. यहुदी प्रार्थनेत मुख्य प्रार्थना आधी प्रत्येकाने मनात म्हणायची आणि मग पुढे उभा असलेल्याने तीच सगळी मोठ्याने म्हणायची असते. मैमोनिडिसने बघितलं की ज्यांचं म्हणून झालं ते दुसऱ्या वेळेला ऐकतच नाहीत, पाठ फिरवून गप्पा मारतात, खाकरतात, थुंकतात! आणि मुसलमान हे बघतात, म्हणतात काय ही प्रार्थना. म्हणून त्याने सांगितलं की दोनदा नकोच, एकदाच, सगळ्यांनी मिळून मोठ्याने. शेजारच्या मशिदीतली शिस्त बघून स्वतःच्या धर्माची लाज वाटली आणि नियम बदलला, सरळ आहे. इजिप्तमध्ये ही पद्धत साडेतीनशेच्या आसपास वर्षं चालली, सोळाव्या शतकात रब्बी डेव्हिड इब्न झिम्रा यांनी जुनी पद्धत परत आणली.

तिकडे स्पेनमध्ये सारागोसाचा बह्या इब्न पकूदा, अकराव्या शतकातला, त्याने मनाच्या कर्तव्यांवर एक ग्रंथ लिहिला, अर्थात अरबीत. त्यात तो सांगतो की एका सज्जनाला लढाईवरून परतणारे लोक भेटले, तो म्हणाला तुम्ही छोटी लढाई जिंकून आलात, आता मोठीच्या तयारीला लागा, आपल्या वासनेशी लढायचं आहे. मुसलमान श्रोत्याने हे लगेच ओळखलं असेल, कारण छोटा जिहाद आणि मोठा जिहाद हे सूफींच्या तोंडी कायम असलेलं वचन, पैगंबरांच्या नावावर सांगतात ते. बह्याने नाव काढलं, एक सज्जन म्हणाला एवढंच ठेवलं. बाराव्या शतकात ग्रंथाचं हिब्रू भाषांतर झालं आणि तिथून तो पोलंड-लिथुआनियाच्या येशिवांत, म्हणजे यहुदी धर्मपाठशाळांत, पोचला, ज्यांनी आयुष्यात सूफी पाहिला नाही ती मुलं ते वाक्य घोकत होती.

आता परत अब्राहमकडे. १२०४ च्या डिसेंबरमध्ये बाप गेला, हा अठरा वर्षांचा, आणि गादी याच्याकडे. पेशाने वैद्य, कैरोच्या इस्पितळात काम करायचा. तिथला त्याचा सहकारी इब्न अबी उसैबिया, मुसलमान, त्याने लिहून ठेवलंय की उंच, सडपातळ, बोलायला गोड माणूस. याला सूफींचं भारी आकर्षण. रात्रीची जागरणं, उपास, एकांत, गुरूच्या हाताखाली साधना. तो आपल्या ग्रंथात उघड लिहितो की या सूफींकडे बघा, हे आपल्या संदेष्ट्यांच्या वाटेने चाललेत. सूफी गुरू शिष्याला फाटकी कफनी देतो ना, तर एलिया संदेष्ट्याने जाताना आपला झगा शिष्याला, एलिशाला, दिला होता, तीच ही रीत! दंडवत घालणं तर आपल्या जेरुसलेमच्या मंदिरात होतंच की, मिश्नात लिहिलंय. मग आपण ते सोडलं का? तर आपल्या पापांमुळे इस्राईलचं वैभव काढून दुसऱ्या लोकांना दिलं गेलं, तालमूद या यहुदी धर्मग्रंथातलं हे वचन तो इथे लावतो. म्हणजे हा काही मुसलमानांकडून घेत नाहीये, स्वतःची गहाण पडलेली वस्तू सोडवून आणतोय! मदिनेत मूसाबद्दल जे म्हटलं गेलं तेच इथे उलट्या तोंडाने. हा युक्तिवाद इतिहास म्हणून लंगडा आहे, पण माणसाला रात्री साधनेला बसवायला पुरेसा होता.

सुलतानाकडची ती तक्रार? अब्राहमने आपल्या माणसांच्या सह्यांचं निवेदन दिलं की मी हे कोणावर लादत नाही, माझ्या घरच्या प्रार्थनेत करतो. पद टिकलं, १२३७ मध्ये मरेपर्यंत. मुलाने, ओबादियाने, पण त्याच वळणाचं लिहिलं, आणि घराण्याकडे प्रमुखपद पिढ्यानपिढ्या राहिलं.

पण याची किंमत कोण भरत होतं? कैरोच्या बेन एझ्रा सिनेगॉगमध्ये, म्हणजे यहुद्यांच्या प्रार्थनास्थळात, एक खोली होती, देवाचं नाव असलेला कागद फेकायचा नाही म्हणून तिथे टाकायचे, तो ढीग १८९६-९७ मध्ये केंब्रिजला गेला, जवळपास १,९३,००० तुकडे एकट्या केंब्रिजात आहेत. अशाच कागदांत चौदाव्या शतकातलं एक पत्र निघालं. बसीर नावाचा घंटा बनवणारा, त्याच्या बायकोने अब्राहमच्या वंशातल्या डेव्हिड या प्रमुखाला लिहिलेलं. नवरा डोंगरावर अल-कुरानी नावाच्या सूफी शेखच्या नादी लागलाय, तिथे फकिरांत राहतो, आता घर विकून तिन्ही पोरांना घेऊन तिकडेच जायचं म्हणतोय, तुम्ही त्याला समजवा, त्याला म्हणावं सिनेगॉगला ये, पोरांकडे बघ. गंमत म्हणजे दाद मागायची ती त्याच घराण्याकडे ज्याने सूफींची वाट कौतुकाने सांगितली. पंडितासाठी एलियाचा झगा होता, बाईसाठी घरदार चाललं होतं.

(श्रोत्यांमधून प्रश्न: आपल्या कोकणातल्या बेने इस्राईल यहुद्यांमध्ये असं काही दिसतं का?)

दिसतं की! केहीमकरांनी एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी आपल्या समाजाचे जुने सण नोंदवून ठेवलेत. त्यात बिरड्याचा सण, खिरीचा सण ही कोकणी नावं आहेतच, पण उपासांना रोजा म्हणतात, नव्याचा रोजा, साबबी रोजा, आणि एलूल या यहुदी महिन्यातल्या उपासांना चक्क रमजान! ग्रंथ जवळ नव्हते, शेजारी कोकणी मुसलमान होते, उपासाला जो शब्द कानावर होता तो घेतला. पुढे कोचीनचे शिक्षक आले, बगदादी यहुदी आले, छापील हिब्रू पुस्तकं आली आणि ही नावं मागे पडली. राहिला तो मलिदा. पोहे, ओलं खोबरं, गूळ, फळं, एलियाहू हानबीचं, म्हणजे त्याच एलिया संदेष्ट्याचं, नाव घ्यायचं, अलिबागजवळच्या खंडाळ्याला जायचं, नवस फेडायचा. दर्ग्यावर चढतो तो मलिदा चपाती कुस्करून तूप-गूळ घालून असतो, हा पोह्यांचा. आता हा कोणाचा म्हणून विचाराल तर अलिबागकडचा बेने इस्राईल म्हातारा पण तुम्हाला तेच सांगेल, आमचाच.

चला, चहा आलाय, बाकीचे प्रश्न तिकडे बोलू.