चार वर्षांच्या मुलाचे मूल्यमापन करायचे, म्हणजे नेमके काय पाहायचे?

नमस्कार. माझ्यासमोर टेबलावर सात चिंचोके आहेत आणि आजचा विषय समजायला तेवढे पुरेसे आहेत.

ठाण्यात किंवा नवी मुंबईत सिनियर केजीत जाणाऱ्या अनेक मुलांचे अंक पन्नासपर्यंत, कधी शंभरपर्यंत तोंडपाठ असतात. त्यांच्यापैकीच एखाद्याला हे चिंचोके मोजायला सांगा. पुष्कळदा तोंड पुढे धावते, बोट मागे राहते आणि उत्तर येते नऊ. एका वस्तूला एकच अंक द्यायचा, ही समज पाठांतरातून येत नाही. ती हाताळण्यातून येते. समजा, मुलाने नीट सातपर्यंत मोजले. आता लगेच विचारा, ‘मग किती आहेत?’ ते पुन्हा ‘एक, दोन’पासून सुरुवात करत असेल, तर शेवटी उच्चारलेला अंक म्हणजेच सगळ्यांची मिळून संख्या, हे त्याला अजून उमगायचे आहे. आता मी हेच चिंचोके जरा लांब लांब पसरवतो. चार वर्षांचे मूल बहुधा छातीठोकपणे सांगते की, ‘आता जास्त झाले.’ ज्याँ पियाजे या स्विस मानसशास्त्रज्ञाने ही गोष्ट विसाव्या शतकात सविस्तर मांडली. साधारण सहा-सात वर्षांपर्यंत ही समजूत आपोआप बदलत जाते, त्यामुळे तिच्यावर लाल शाईची फुली मारण्यात काहीच अर्थ नाही.

यातले काहीही ‘गाळलेल्या जागी योग्य अंक लिहा’ या प्रश्नातून कळत नाही. त्या कागदावर मुख्यतः बोटांच्या स्नायूंची तयारी मोजली जाते. तीन वर्षांचे मूल खडू मुठीत धरते. तीन बोटांची पकड पुढच्या दोन-तीन वर्षांत हळूहळू बसते. तोवर चाररेघी वहीत पानेच्या पाने गिरवायला लावणे हा माझ्या मते निव्वळ जुलूम आहे. त्याऐवजी कणीक मळणे, मणी ओवणे, कागद फाडून चिकटवणे या कामांतून तीच बोटे तयार होतात.

राष्ट्रीय शैक्षणिक धोरण 2020 ने तीन ते आठ वर्षे हा पायाभूत स्तर मानला आणि 2022 मध्ये आलेल्या या स्तराच्या राष्ट्रीय अभ्यासक्रम आराखड्याने लेखी-तोंडी परीक्षा या वयाला सर्वथा अयोग्य ठरवल्या. त्यांच्या जागी दोन मार्ग सुचवले आहेत: मुलाचे निरीक्षण आणि त्याने शिकताना जे केले, काढले, बनवले, त्याचे विश्लेषण.

निरीक्षण म्हणजे ‘हुशार आहे, थोडी चंचल आहे’ असा शेरा नव्हे. ‘पाच वस्तू बोट लावून बरोबर मोजल्या, सहाव्यापासून गडबड झाली, खाऊ वाटताना मात्र प्रत्येकाला एकच लाडू दिला’, ही नोंद झाली. ती वाचून बाईंना उद्याचे काम सापडते: अंक वाढवायचे नाहीत, वाटप वाढवायचे. पंगतीची पाने मांडू द्यायची, सापशिडीत घरे मोजू द्यायची. तिशीच्या वर्गात रोज सगळ्यांची नोंद शक्य नसते, हे खरे. पण दिवसाला पाच-सहा मुले ठरवून पाहिली, तर आठवड्याभरात वर्ग पूर्ण होतो.

हे सारे परदेशातून आले, असे समजण्याचे कारण नाही. ताराबाई मोडक यांनी 1945 मध्ये तेव्हाच्या ठाणे जिल्ह्यातल्या बोर्डीला ग्रामीण बालशिक्षणाचे काम सुरू केले. अनुताई वाघ त्यांच्यासोबत होत्या, आणि पुढे हे काम कोसबाडला गेले. पाड्यावरच्या अंगणात, आजूबाजूला सापडणाऱ्या बिया, पाने, शंख-शिंपले हेच त्यांचे साहित्य होते. घोडबंदर रस्त्यावरच्या एखाद्या गृहसंकुलातल्या बालवाडीला महागडे संच परवडतात, पण पावसाळ्यानंतर आवारात पडलेल्या बिया मुलांना वेचू देणारी बालवाडी मला अधिक भरवशाची वाटते.

प्रवेशाबद्दल एक गोष्ट सांगायलाच हवी. शिक्षण हक्क कायदा 2009 च्या तेराव्या कलमानुसार प्रवेश देताना मुलाची किंवा पालकांची चाळणी लावता येत नाही. तेव्हा शाळा पाहायला जाल, तेव्हा प्रश्न तुम्ही विचारा. ‘वर्षअखेरीस लिहिता येईल का?’ हा नको. ‘एखाद्या मुलाबद्दल बाई काय आणि कशा नोंदी ठेवतात, त्याचा नमुना नाव झाकून दाखवाल का?’ हा विचारा. नुसत्या श्रेणींचा तक्ता पुढे आला, तर आणखी दोन शाळा पाहा. आणि त्या नोंदींत महिनोन्‌महिने बोलणे, ऐकणे किंवा इतर मुलांत मिसळणे पुढे सरकताना दिसत नसेल, तर ‘होईल हळूहळू’ म्हणत थांबू नका. नोंदी घेऊन बालरोगतज्ज्ञांना भेटा, कारण तपासणीत त्यांना सर्वाधिक उपयोग अशाच तारीखवार तपशिलाचा होतो.