कायदा आधी कानावर यायला हवा

श्रोतेहो, नमस्कार.

१९२३ सालच्या डिसेंबरातली गोष्ट. जयपूर संस्थानचे महाराज वारले होते, वारस अल्पवयीन होता आणि कारभार मंत्रिमंडळाच्या हाती होता. या मंडळानं ठराव करून अफूसंबंधी एक कायदा मंजूर केला. तो राजपत्रात छापला नाही की लोकांना कळेल अशा कोणत्याही रीतीनं जाहीर केला नाही. कायदा दप्तरातच राहिला. १९४८ मधल्या एका गुन्ह्याबद्दल मात्र त्याच कायद्याखाली हरला नावाच्या माणसाला दोषी धरून ५० रुपये दंड ठोठावला गेला.

रक्कम किरकोळ, पण प्रश्न किरकोळ नव्हता. खटला सर्वोच्च न्यायालयात गेला. सप्टेंबर १९५१ मध्ये न्यायमूर्ती विव्हियन बोस यांनी निकाल लिहिला. बोस आपल्या नागपूरचे. वकिली तिथेच केली आणि तिथल्या उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायाधीशही झाले. त्यांनी स्वच्छ सांगितलं की, बंद खोलीत, जिथं जनतेला पाऊल ठेवता येत नाही तिथं केलेला ठराव, केवळ ठराव झाला म्हणून लोकांच्या जिवावर, स्वातंत्र्यावर आणि मालमत्तेवर हात टाकू शकत नाही. कायदा लोकांना कळेल अशा रीतीनं जाहीर झालाच पाहिजे. १९३८ मध्ये या कायद्यात एक कलम घुसडलं होतं, ‘हा कायदा १ सप्टेंबर १९२४ पासून लागू’ असं. न्यायालयानं तेही मानलं नाही. जो कायदा कधी जन्मलाच नाही, त्याला मागची तारीख घालून जिवंत करता येत नाही. शिक्षा रद्द झाली.

मला हा निकाल फार मोठा वाटतो. ‘कायदा माहीत नव्हता ही सबब चालत नाही’ हे आपण लहानपणापासून ऐकतो. पण लोकांवर हा भार टाकायचा, तर कायदा त्यांच्यापर्यंत पोचवणं ही सरकारची पहिली जबाबदारी ठरते.

आता दुसरा खटला, आपल्या मुंबईतला. २८ नोव्हेंबर १९६२ च्या पहाटे झुरिकहून मनिलाला जाणारं विमान सांताक्रूझला उतरलं. एक परदेशी प्रवासी विमानातच बसून होता. त्याच्या जाकिटात ३४ किलो सोनं सापडलं. भारतातून पुढे नेल्या जाणाऱ्या सोन्याबद्दलचा नियम रिझर्व्ह बँकेनं नुकताच बदलला होता आणि नवी अधिसूचना २४ तारखेला, म्हणजे चारच दिवस आधी राजपत्रात आली होती. मुंबई उच्च न्यायालयानं त्याला सोडलं. सर्वोच्च न्यायालयानं मात्र बहुमतानं म्हटलं की राजपत्रात छापलं म्हणजे जाहीर झालं, आणि त्याला दोषी ठरवलं. शिक्षा तेवढी भोगली तेवढ्यावर आणली. न्यायमूर्ती सुब्बाराव यांचं मत वेगळं पडलं.

सोन्याची तस्करी करणाऱ्याबद्दल मला कणव नाही. पण राजपत्रात छापलं की काम संपलं, ही समजूत आपल्या कचेऱ्यांत मुरली आहे, आणि तिचा फटका तस्कराला नाही, शेतकऱ्याला बसतो. जमिनीच्या मालकीत बदल झाल्याची, म्हणजे फेरफाराची, नोंद धरली की तिची प्रत चावडीवर ठळक जागी लावायची असते. हरकतीला १५ दिवस मिळतात. आता एका कार्यालयात मी पाहिलेला फलक सांगतो. काचेचं दार, दाराला कुलूप, किल्ली शिपायाकडे आणि शिपाई रजेवर. आत एकावर एक टाचलेले कागद, वरच्या कागदानं खालच्याची तारीख झाकलेली. झेरॉक्सची झेरॉक्स काढल्यामुळे गट नंबरातला तीन आहे की आठ, ते कळत नव्हतं. एक म्हातारे गृहस्थ काचेला नाक लावून वाचायचा प्रयत्न करत होते. नोटीस लागली होती, नियम पाळला गेला होता, आणि त्या माणसाला काही कळलं नव्हतं.

सम्राट अशोकाला हे कळत होतं. त्याचे लेख दगडावर कोरले गेले. आपल्या नालासोपाऱ्यालाही त्यांचे तुकडे सापडले. कलिंगातल्या, म्हणजे ओडिशातल्या धौलीच्या लेखात तर अधिकाऱ्यांना आज्ञाच आहे की हा लेख दर चार महिन्यांनी तिष्य, म्हणजे पुष्य, नक्षत्राच्या दिवशी ऐकवावा, मधल्या काळातही ऐकवावा, आणि प्रसंगी एकट्या माणसालाही ऐकवावा. ज्याला अक्षर येत नाही, त्याचाही विचार त्यात आहे.

आपल्याकडे आज यासाठी कायदा आहे. २००५ च्या माहिती अधिकार कायद्याचं कलम ४ वाचा. कुणी अर्ज करण्याची वाट न पाहता कार्यालयानं माहिती आपणहून द्यायची आहे, स्थानिक भाषेचा विचार करून द्यायची आहे. ती पोचवायची कशी, तेही लिहिलंय: सूचना फलक, वर्तमानपत्रं, जाहीर घोषणा, प्रसारण, इंटरनेट. म्हणजे दवंडीपासून रेडिओपर्यंत सगळं त्यात आलं. तरीही जीआर, म्हणजे शासन निर्णय, संकेतस्थळावर चढवला की खातं मोकळं होतं. माझी मागणी साधी आहे. गावाला लागू होणारा प्रत्येक जीआर ग्रामसभेत मोठ्यानं वाचावा, आणि फलकावरच्या प्रत्येक कागदावर तो कधी लावला आणि हरकतीची मुदत कधी संपते, या दोन तारखा ठळक अक्षरांत असाव्यात.

आणि एक जुना जीआर आत्ताच ऐकवतो. जिल्हा पातळीवरची कार्यालयं आणि स्थानिक स्वराज्य संस्था यांनी दर सोमवारी दुपारी ३ ते ५ या वेळेत आपले अभिलेख नागरिकांना पाहण्यासाठी खुले ठेवावेत, असं राज्य शासनानं २०१८ मध्ये काढलेल्या जीआरमध्ये म्हटलं होतं. तुमच्या नगरपालिकेत जा आणि माहिती अधिकार कायद्याखाली तुमच्या वॉर्डाची फाइल पाहायला मागा.

नमस्कार.