गोळी दिसत नाही, ऊर्जा दिसते

[दृश्य : लातूर. इंजिनिअरिंगच्या पोरांचं होस्टेल. एका लॅपटॉपभोवती घोळका.]

मॅच सुरू आहे, पण कीबोर्डला कुणी हात लावत नाही. लावून उपयोगही नाही. या खेळाचं नाव रोबोकोड. आपल्या रणगाड्याची अक्कल आधीच जावा या प्रोग्रामिंगच्या भाषेत लिहून द्यायची, मग नुसतं बघायचं. परीक्षा केंद्राच्या गेटबाहेर उभ्या असलेल्या बापासारखं. लातूरकरांना हे वेगळं सांगायला नको.

मॅथ्यू नेल्सन यांचा हा खेळ २००१ मध्ये आयबीएमने लोकांपुढे आणला. कल्पना त्याहून जुनी. सायलस वॉर्नर यांचा 'रोबोटवॉर' १९८१ मध्येच अ‍ॅपल टू या कॉम्प्युटरवर आला होता.

नवख्याचा पहिला रोबोट बहुतेक एकाच छापाचा. शंभर पुढे, तोफ गरकन फिरव, शंभर मागे, दिसला की झाड गोळी. असा रोबोट फार टिकत नाही.

[दृश्य : पडदा जवळून. दोन रणगाडे, सुटणाऱ्या गोळ्या.]

खरी गंमत पुढे आहे. या गोळ्या आपल्याला दिसतात, रोबोटला नाही. त्याच्या रडारवर फक्त शत्रू येतो, त्याचं अंतर, दिशा, वेग आणि उरलेली ऊर्जा. सुरुवातीला प्रत्येकाकडे १००. गोळी झाडायला ०.१ ते ३ खर्च होतात. लागली तर खर्चाच्या तिप्पट परत, हुकली तर गेली.

म्हणजे शत्रूची ऊर्जा अचानक ३ ने घटली, तर त्याने सगळ्यात जड गोळी सोडली असणार. जड गोळी हळू जाते, दर टर्नला (खेळाच्या एका ठोक्याला) ११ पिक्सेल. शत्रू ३३० पिक्सेलवर असेल, तर हाताशी साधारण ३० टर्न. तेवढ्यात दिशा बदलायची.

"अबे, तुझा उगाच पळायलाय की! त्यानं गोळी कुठं मारली?"

"ऊर्जा तर घटली ना त्याची!"

"भिंतीला धडकला बे तो."

बरोबर. प्रगत प्रकारचा रोबोट पूर्ण वेगात भिंतीवर आदळला तरी ३ च जातात. कोडाला फरक कळणार कसा?

पोरानं मॅच थांबवली, कोड बदलला. आता शत्रूचा वेग एकदम शून्यावर आला, तर ती घट भिंतीच्या खात्यात. आपली गोळी त्याला लागली असेल, तर तेवढं नुकसानही वजा. एवढं करून ०.१ ते ३ च्या मधलं काही उरलं, तरच गोळी सुटली असं धरायचं.