जांभळी नाक्यावरचा मोगरा

ठाण्यात जांभळी नाक्याच्या फुलबाजारात एकदा सकाळी या, एप्रिल-मेमध्ये, मोगरा असतो तेव्हा. टोपलीवरचं ओलं फडकं सरकलं ना की वास अंगावरच येतो, आणि स्टेशनकडे पळणारी माणसंसुद्धा जरा हळू होतात, गजरा घ्यायचा नसला तरी, मी कितीदा बघितलंय.

नाकात अगदी वरती वास ओळखणाऱ्या पेशी असतात, त्यांच्यात साधारण 400 प्रकारचे रिसेप्टर, म्हणजे वासाचे रेणू पकडणारी प्रथिनं. एक रिसेप्टर म्हणजे एक वास असं नाहीये हां, मोगऱ्यात कितीतरी रेणू असतात, प्रत्येक जण वेगवेगळे रिसेप्टर चालू करतो आणि मेंदू तो अख्खा पॅटर्न वाचतो. या रिसेप्टरची जनुकं लिंडा बक आणि रिचर्ड ॲक्सेल यांनी 1991 ला शोधली, 2004 ला नोबेल मिळालं. डोळ्यांनी बघितलेलं, कानांनी ऐकलेलं आधी मेंदूतल्या थॅलॅमसला थांबतं, वासाला तो थांबा नाही, तो थेट भावना आणि आठवणींच्या भागापाशी उतरतो. म्हणून फुलाचं नाव सुचायच्या आधी आजीचा अंबाडा आठवतो.

2021 मध्ये आईला कोविड झाला आणि वास गेला. फोडणी करपली तरी कळायचं नाही. सिलेंडरच्या गॅसला स्वतःचा वास नसतो, गळती कळावी म्हणून त्यात मरकॅप्टन मिसळतात, पण तिला तेही येईना, मग रात्री चार-चारदा उठून शेगडीचा नॉब बघायची. जेवण कमी झालं, कारण चव म्हणतो त्यातला मोठा भाग वासच असतो. अंगाला वास येतोय का या भीतीने दोनदा आंघोळ करायची, लग्नाकार्याला जायचंच बंद केलं, आणि आम्ही आपलं म्हणत होतो, वासच तर गेलाय ना.

व्हायरस जास्त करून वासाच्या पेशींना सांभाळणाऱ्या शेजारच्या पेशींवर हल्ला करतो. वासाच्या पेशी मात्र आयुष्यभर नव्याने तयार होत राहतात, म्हणून आशा असते. डॉक्टरांनी रोज दोन वेळा गुलाब, लिंबू, लवंग, निलगिरी हुंगायला सांगितलं. आई डोळे मिटून एकेक डबी नाकाशी धरून बसायची, महिनोनमहिने. आधी लवंग आली, पुसटशी. चहाला मात्र जळक्या रबराचा वास यायचा, नव्या पेशींच्या मेंदूशी होणाऱ्या जोडण्या चुकतात तेव्हा असं होतं.

पुढच्या मे महिन्यात तिला जांभळी नाक्याला नेलं. गजरा नाकाशी धरून ती बराच वेळ बोललीच नाही. मग म्हणाली, "आधीसारखा नाही गं येत. पण मोगराच आहे."